पावण्यांनी पाठ टेकलेली भिंत

चहा निवू द्या थोडा. माझ्या बावळटपणाची गोष्ट आहे, आणि ती घाईत सांगितली तर मजा जाते.

पंचवीस-तीस वर्षं झाली. मी सिनेमाचे सेट उभारायचो. त्या वर्षी पुण्याच्या काही पोरांनी पदरमोड करून सिनेमा काढला होता. गडमुडशिंगीच्या माळावर मी त्यांना गरिबाचं घर करून दिलं. प्लायवूडच्या तीन भिंती, चौथी बाजू कॅमेऱ्यासाठी उघडी. भिंतीवर पावसाची ओल अशी रंगवली, की हात लावला तर भिजेल असं वाटावं. सामानाचं काय? कोल्हापुरातलं आमचं घरच टेम्पोत भरलं. ट्रंक, भांडी, स्टो, सगळं.

आणि त्याच दिवशी आमच्या सुनंदाला बघायला कुरुंदवाडची मंडळी येणार होती, हे मी साफ विसरलो! आधीचं स्थळ ‘बाप सिनेमात’ म्हणून मोडलं होतं. म्हणून यांना मी सुतार आहे, एवढंच सांगितलेलं.

दुपारी सिनेमाची पोरं जेवायला गेली, आणि बायको सुनंदाला घेऊन स्टो मागायला माळावर हजर. ती मला काय बोलली ते सोडा. तेवढ्यात मुलाला घेऊन पाहुण्यांची जीपच आली. शेजारणीनं त्यांना सांगितलं होतं, बिऱ्हाड मुडशिंगीला हललंय म्हणून.

आता करता काय? बायकोनं गपचूप तिथंच स्टो पेटवला. मुलाचे वडील, आडदांड गडी, भिंतीला पाठ टेकून बसले. भिंत डुलली. मी धावत मागं गेलो आणि दोन्ही हातांनी धरली.

“पावणं, आत या की,” मुलाचे वडील म्हणाले.

“हितंच बरं हाय,” मी खिडकीतून म्हणालो.

“अन् फुडची भित कुठाय?”

“उन्हाळ्यात काढून ठिवतो.”

बायकोनं तेव्हा माझ्याकडं ज्या नजरेनं बघितलं, ती अजून विसरलो नाही.

मग पाहुण्यांनी ओलीकडं बोट केलं. “लग्नाआधी छपराचं बघा. भित पार मुरलीया.”

हात भरून आले होते, पण छाती फुगली.

चहा झाला. सुनंदाला विचारायचं ते विचारून झालं. वळून बघतो, तर पाहुणे तंबाखू थुंकायला मागं आलेले. त्यांनी माझ्याकडं बघितलं, उघड्या प्लायवूडकडं बघितलं. झालं! हेही स्थळ बापानंच घालवलं. भिंत धरूनच मी सगळं खरं सांगून टाकलं.

मग ते कोरड्या फळीवर हात फिरवून म्हणाले, “ती ओल पण खोटी?”

“व्हय.”

“आयला, मला फसीवलं की वो!” आणि पोट धरून हसायला लागले. “सोडा आता भित, व्याही. पोरगी पसंत हाय.”

व्याही म्हणाले! त्या आनंदात मी खरंच सोडली.

भिंत आम्हा दोघांच्या अंगावर आली. पलीकडं बायको, सुनंदा आणि नवरामुलगा हातात कपबश्या घेऊन बघत राहिले. व्याहीभेट लोकांची मांडवात होते. आमची प्लायवूडखाली झाली.