साक्षीदाराचा शॉट

बमरोलीत आमच्या गल्लीच्या टोकाला राहणारा एक जण मारामारीचे आणि खुनाचे अहिराणी सिनेमे काढतो. वीस वर्षं लूमवर, म्हणजे यंत्रमागावर, काम केलेला माणूस. सहा सिनेमे लोकांनी मोबाइलवर पाहिलेत, सातवा चालू होता. त्याचं नाव मी कधी विचारलं नाही.

शूटिंगला तो ओरडत नाही. लूमच्या आवाजात बोलणं ऐकू येत नाही, म्हणून कारागीर खुणांनी बोलतात. त्याचे गुंड, पोलीस सगळे कारागीरच, त्यामुळे त्याचा सिनेमाही खुणांवर चालतो.

त्या संध्याकाळी मी शूटिंग बघायला उभी होते. खुनाची साक्षीदार होणारी बाई आलीच नाही. खुन्याला सात वाजता पाळीवर जायचं होतं आणि सकाळी तो कायमचा गावी निघणार होता.

"ताई, तिच्या जागी तुम्ही उभ्या राहता का?" त्याने मला विचारलं.

"मला अभिनय येत नाही."

"मग बरंच आहे. येणाऱ्यांनीच माझे सिनेमे बिघडवलेत."

सुरा चालला. मेलेला खुदकन हसला.

"तू मरेल शे, भो! हासू नको!" खुनीच चिडला.

दुसऱ्यांदा सगळं नीट झालं. दिग्दर्शकाने मनगट वळवलं, तशी मंडळी हलली. ती शॉट संपल्याची खूण मला माहीत नव्हती. मी सुऱ्याकडे बघत तशीच उभी राहिले. त्याने कॅमेरा बंद केला नाही, हळूहळू माझ्या चेहऱ्याजवळ आणला.

"चुकलं का?" मी विचारलं.

"नाही. सिनेमा इथंच संपतो."

शाळेत मला बारा वर्षं 'स्पीक अप' ऐकावं लागलं. या माणसाला माझं गप्प राहणंच हवं होतं.