करंगळी

माझ्या लघवीला जायच्या वेळा भिंतीवर दाखवल्या गेल्या.

सोमवारची मीटिंग होती. प्रोजेक्टर लावला होता. एरवी त्यावर कुणाच्या कामात कुठल्या चुका निघाल्या ते दिसायचं. त्या दिवशी एक यादी आली. दाराला कार्ड लावून बाहेर कोण कधी गेलं, त्याची. यादीत नाव एकच होतं. माझं. नऊ चाळीस. दहा पंचवीस. अकरा दहा. सर लेझरचा लाल ठिपका एकेका ओळीवरून खाली आणत होते. अजिबात घाई न करता.

आधी कुणीतरी नाकातल्या नाकात हसलं. मग सगळेच हसले.

"काय गे," सर मराठीत म्हणाले, "सगळं चेन्नई पाणी पाणी करून रडतंय. तुझ्याकडे कुठून येतं एवढं?"

मग तेच त्यांनी तमिळमध्ये सांगितलं. कुणी हसायचं राहू नये म्हणून.

मीही हसले. हे मी विसरलेले नाही. मीही हसले.

सर तंजावरकडच्या मराठी घराण्यातले. त्यांचं मराठी जुनं, तमिळ हेल काढून बोललेलं. मुलाखतीत त्यांनी विचारलं, "घरी कोण शिकलेलं?" मी म्हणाले, कुणीच नाही. वडील लवकर गेले. आई नगरपालिकेत सफाई कामगार आहे. शाळांच्या मुताऱ्या धुते, एस.टी. स्टँडचे संडास धुते. मी घराण्यातली पहिली बी.एस्सी. हे मी अभिमानाने सांगितलं. सरांनी मान हलवली. म्हणाले, "आमची भाषा बोलणारी पोर आली. घेऊ." मी एसटीडी बूथवरून शेजाऱ्यांकडे फोन केला, आईला बोलावून घेतलं आणि सांगितलं, साहेब देवमाणूस आहे.

मला खरंच तसं वाटत होतं. मराठवाड्यातल्या तालुक्याच्या गावातली मुलगी. आणि काचेची इमारत, एसी, गळ्यात कार्ड. तांबरमला लेडीज हॉस्टेलमध्ये कॉट. मी उपकाराखाली वाकलेली होते आणि ते वाकणं मला आवडत होतं.

काम मेडिकल ट्रान्सक्रिप्शनचं. अमेरिकेतले डॉक्टर पेशंट तपासून झाल्यावर टेपवर बोलायचे. तो आवाज आमच्या कानात यायचा. पायाखाली पेडल. दाबलं की आवाज चालू, सोडलं की बंद. ऐकायचं आणि टाइप करायचं. एक शब्द चुकला तरी रिपोर्ट परत.

पॉलीयुरिया हा शब्द मी ट्रेनिंगमध्ये पाठ केला. नुसतं वारंवार जावं लागणं म्हणजे पॉलीयुरिया नव्हे. थोडी थोडी होत असेल तर त्याला वेगळा शब्द आहे. शरीरातून लघवी प्रमाणाबाहेर जायला लागली, की पॉलीयुरिया. आपल्याकडे पुस्तकात बहुमूत्रता म्हणतात. हा शब्द सहसा एकटा येत नाही. पाठोपाठ अति तहानेचा शब्द येतो, मग वजन उतरल्याचं वाक्य येतं, मग साखरेची तपासणी. मी तो इतक्यांदा टाइप केला होता की डॉक्टरने पहिलं अक्षर उच्चारलं की माझी बोटं पुढे धावायची.

पुष्कळदा त्या शब्दाआधी एक ठरलेलं क्रियापद असायचं. पेशंट हा त्रास नाकारतो. म्हणजे डॉक्टरने विचारलं आणि पेशंट नाही म्हणाला. मला त्याचं फार नवल वाटायचं. त्रास नसलेल्या माणसालासुद्धा तिथे कुणीतरी विचारत होतं.

मला कुणी विचारलं नव्हतं. आणि मीही स्वतःला विचारलं नाही.

दोन महिने मला तहान लागत होती. साधी नव्हे, घसा खरवडणारी. मी बाटली संपवायची, पुन्हा भरायची, आणि अर्ध्या-पाऊण तासाने उठायची. सलवारीची नाडी रोज जास्त ओढून बांधायची. ते वर्ष पाण्याच्या टंचाईचं. हॉस्टेलवर आठवड्यातून दोनदा तण्णी लॉरी यायची, पाण्याचा टँकर, आणि रस्ताभर रंगीत घागरींची रांग लागायची. वॉर्डन बाई संडासात बादली ओतल्याचा आवाज मोजायच्या. "पुन्हा तूच का?" दाराबाहेरून विचारायच्या. ऑफिसात सर, हॉस्टेलात वॉर्डन.

कुणी म्हणेल, रोज तोच शब्द टाइप करणाऱ्या मुलीला कळलं कसं नाही? मी सांगते. तो शब्द अमेरिकेतल्या माणसांचा होता. त्यांना आजार होतात. मला जे होत होतं त्याला आमच्याकडे मुतणं म्हणतात. ते आजारात धरत नाहीत. ते लाजेत धरतात.

मीटिंगनंतर सरांनी माझी जागा बदलली. त्यांच्या काचेच्या केबिनसमोर. आणि नियम सांगितला. जेवण आणि चहा सोडून जायचं असेल तर विचारून जायचं. पण आत येऊन त्यांना त्रास द्यायचा नाही.

"शाळेत करायचीस ना तसं कर," ते म्हणाले. "बोट दाखव. मी बघीन."

शाळेत. शाळेत मी करंगळी वर करायची. "बाई, एकी." बाई मान हलवायच्या. मग बाकीच्या मुली मुतारीत जायच्या आणि आमच्या वस्तीतल्या आम्ही तिघी भिंतीमागे जायचो. मुतारी घाण होईल म्हणून. ती मुतारी रोज पहाटे माझी आई धुवायची.

आता मी तेवीस वर्षांची होते. कानाला हेडफोन, पायाखाली पेडल, आणि एक हात वर. करंगळी काढून. सर कधी मान हलवायचे. कधी बघायचेच नाहीत. कधी बघून पुन्हा स्क्रीनकडे वळायचे. मागे कुणी कुजबुजायचं, "करंगळी मॅडम." तमिळ मुलींनी मराठीतला हा एकच शब्द शिकून घेतला.

मी पाणी पिणं कमी केलं. जीभ टाळ्याला चिकटायची. तरी लघवी थांबेना. पाणी आत जात नव्हतं आणि बाहेर जायचं राहत नव्हतं. डोळ्यांपुढे अक्षरं पसरायची.

आईला फोनवर बोट वर करायच्या नियमाचं तेवढं सांगितलं.  ती म्हणाली, "पोरी, नोकरी सोडू नगं. बोट वर करायला काय पैसं पडत्यात?" तिचा राग आला नाही. तिने जन्मभर तेच केलं होतं.

मग तो गुरुवार. दुपारचे तीन-साडेतीन. माझ्याकडे एक पत्र आलं. रिपोर्ट नव्हे, पत्र. तिकडच्या एका डॉक्टरने आपल्या पेशंटच्या मालकाला लिहिलेलं. पेशंट एका दुकानात गल्ल्यावर बसणारी बाई होती. तिला पॉलीयुरिया होता. मालक तिला जागेवरून उठू देत नव्हता.

मी करंगळी वर केली. सर फोनवर होते. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि पंजा दाखवला. पाच मिनिटं.

मी पेडल दाबलं. डॉक्टर सावकाश बोलत होता. माझ्या पेशंटला गरज पडेल तेव्हा, परवानगी न मागता, स्वच्छतागृहात जाऊ द्यावे. तिच्याजवळ पाणी असू द्यावे. ही सवलत नाही, ही वैद्यकीय गरज आहे. मी टाइप केलं. हात पुन्हा वर केला. पुन्हा पंजा. मांड्या आवळल्या. पुढचं वाक्य. तिच्या या स्थितीवरून तिचा अपमान होणार नाही याची आपण काळजी घ्याल, अशी मला खात्री आहे. मी स्वल्पविराम दिला. पूर्णविराम दिला. हात वरच होता.

तेवढ्यात झालं.

आधी गरम. मग गार. खुर्चीच्या फोममध्ये मुरलं, मग पायावरून पेडलवर आलं. मी हात खाली घेतला आणि पत्राखाली डॉक्टरचं नाव टाइप केलं. काय करायचं ते सुचेना. जे येत होतं ते केलं.

त्या पत्रात एकही चूक निघाली नाही, असं मला नंतर कळलं.

वास सुटला. लोक उठले. कुणी ओढणीने नाक दाबलं. हाउसकीपिंगची सेल्वी अक्का बादली घेऊन धावत आली. "वेण्डाम मा, नान सेय्यरेन," ती मला म्हणाली. राहू दे, मी करते.

सर केबिनच्या दारात आले. ओरडले नाहीत. मला वाटतं, त्यांना कीवसुद्धा आली असेल. ते सेल्वीला म्हणाले, बादली तिला दे. आणि मला, आपल्या भाषेत, हळू आवाजात:

"तूच धू गे. तुला सवय असेल."

मुलाखतीत मी अभिमानाने सांगितलेलं त्यांनी जपून ठेवलं होतं.

मी धुतलं. ओल्या कपड्यांत, गुडघ्यावर बसून. खुर्ची, पेडल, फरशी. सगळे बघत होते. फडका कसा पिळायचा ते मला येत होतं. आईकडून आलं होतं. सरांचं बरोबर होतं, आणि म्हणूनच मला मेल्यासारखं झालं.

सेल्वीने खुर्ची जिन्याजवळ वाळत ठेवली.

दुसऱ्या दिवशी मी आले. होय, आले. न येण्याची माझी ऐपत नव्हती. जिन्यात सेल्वी वाट पाहत होती. तिने माझा दंड धरून मला खुर्चीपाशी नेलं.

"एरुंबु पारु, मा."

मुंग्या. भिंतीच्या फटीतून निघालेली काळी बारीक ओळ खुर्चीच्या पायावरून चढून फोममध्ये शिरत होती. मी धुतलं होतं तरी.

"सक्करै," सेल्वी म्हणाली. साखर. तिच्या आईचंही असंच झालं होतं. सेल्वीला स्वतःची सहीसुद्धा येत नव्हती. माझ्याकडे बी.एस्सी. होती, ट्रेनिंगचं सर्टिफिकेट होतं, शब्द होता. कळलं तिला. संडास धुणाऱ्या बाईला. माझ्या आईलाही कळलं असतं. फक्त मी फोनवर खरं काय होतंय ते सांगायला लाजले होते.

सेल्वीने अर्ध्या दिवसाची रजा टाकली आणि मला सरकारी हॉस्पिटलात नेलं. लांब रांग. नर्सने बोटातून रक्त घेतलं. डॉक्टरीण माझ्याहून थोडीच मोठी असेल. आकडा पाहून ती सरळ बसली.

"दिवसातून किती वेळा लघवीला जावं लागतं?"

मी रडायला लागले. ती गोंधळली. तिला कसं सांगणार, की तिने विचारलं म्हणून.

केसपेपरवर तिने तो शब्द लिहिला. इतके दिवस मी दुसऱ्यांसाठी लिहिलेला, आता दुसऱ्या कुणीतरी माझ्यासाठी. ती म्हणाली, "पाणी तोडलंस? अजून थोडे दिवस असं केलं असतंस तर स्वतःच्या पायांनी आली नसतीस."

मला भरती करून घेतलं. पोटात सुई टोचून घ्यायला शिकवलं. ती आता जन्माची. निघताना मी डॉक्टरणीला म्हणाले, ऑफिससाठी एक पत्र हवंय. तिच्यापुढे पेशंटची रांग होती. "काय लिहू?" तिने विचारलं. मी कागद मागितला आणि बाकावर बसून लिहिलं. गरज पडेल तेव्हा. परवानगी न मागता. ही सवलत नाही. तिने वाचलं, माझ्याकडे पाहिलं, सही केली, शिक्का मारला.

सरांनी पत्र वाचून बाजूला ठेवलं. ड्रॉवरमधून दुसरा कागद काढला. तो आधीच टाइप केलेला होता. मी आजार लपवून नोकरी मिळवली, आणि आता स्वखुशीने राजीनामा देत आहे.

"सही कर," ते म्हणाले. "शांतपणे जाशील. अनुभवाचं पत्र मी चांगलं देईन. आपली म्हणून सांगतोय गे."

आपली. मी पेन हातात घेतलं. खरं सांगते, घेतलं. आईचा चेहरा आला, हॉस्टेलची कॉट आली, परतीची गाडी आली. सर बोलत होते. आणि मला लागली.

माझा उजवा हात आपोआप वर आला. करंगळी सुटी झालेली. समोर सर. मी त्या बोटाकडे पाहिलं. शाळेपासून ते असंच वर येत होतं. मी ते मिटलं. पेन ठेवलं. सर वाक्याच्या मध्यावर होते. मी उठले, दार उघडलं आणि गेले.

सावकाश गेले. हात धुतले. सेल्वीच्या बाटलीतून पोटभर पाणी प्यायले. परत आले.

"विचारून जायचं असतं," सर म्हणाले. त्यांचा आवाज पहिल्यांदाच चढला होता.

"नाही सर. मी जाईन."

मग मी त्यांचा कागद त्यांच्याकडे सरकवला. "मी काही लपवलेलं नाही. मला काढायचं असेल तर तुम्ही काढा. पण कारण लिहून द्या. शब्द पत्रात आहे."

त्यांनी लिहून दिलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी मी दाराला कार्ड लावलं तर लाल दिवा लागला. पुन्हा लावलं. पुन्हा लाल. आतल्या मुली काचेतून बघत होत्या आणि नजर खाली घेत होत्या. कुणी दार उघडलं नाही. मी उभी राहिले. दुपारपर्यंत. मग सिक्युरिटीवाल्याने हात जोडले.

जिंकले वगैरे काही नाही. नोकरी गेली ती गेली. सर आजही चांगले गृहस्थ म्हणून ओळखले जात असतील. आईला मी खरं सांगितलं तेव्हा ती खूप वेळ रडली, आणि ते नोकरीसाठी होतं की आजारासाठी, मी विचारलं नाही.

त्यानंतर मी पुष्कळ ठिकाणी काम केलं. पहिल्या दिवशी मी दोन गोष्टी सांगते. माझी आई संडास धुवायची. आणि मला पॉलीयुरिया होऊ शकतो. मला लागेल तेव्हा मी उठेन. ज्यांना चालत नाही त्यांच्या दारातून मी तिथूनच परत फिरले आहे. दोनदा उपाशीही राहिले आहे.

राहीन. पण हे बोट आता वर येणार नाही.