ओल्या बोंबलाच्या आडून

काही गुन्हे उलगडले म्हणून लक्षात राहतात. ही घटना मात्र मी उलगडली असं समजलो, म्हणून आजही आठवते.

डहाणू तालुक्यातलं किनाऱ्यावरचं गाव. बोंबील वाळवायच्या वलांड्या, म्हणजे बांबू-दोरीच्या रांगा, कुणी कुठे बांधायच्या यावरून दोन मच्छीमारांचं सकाळी वाजलं. तासाभराने त्यातला एक डोक्यात घाव बसून पडलेला सापडला. तिसऱ्या दिवशी तो दवाखान्यात दगावला, खुनाचं कलम वाढलं आणि तपास माझ्याकडे आला. जागेचा पंचनामा तोवर राहिलाच होता.

खबऱ्याने सांगितलं, भांडणातला दुसरा झाई गावात बहिणीकडे लपलाय. उचलला. चौकशीत त्याचं एकच पालुपद, "साहेब, मी त्याला उचलाया गेलतो. रगत बघून घाबरलो नि पळालो." पळालेला माणूसही खरं बोलत असेल, हे तेव्हा माझ्या डोक्यात शिरत नव्हतं.

मग त्याच दिवशी साक्षीदार मिळाली. शेजारच्या वलांडीवर मासळी टांगणारी एक मावशी. घटनेच्या वेळी ती जिथे होती, तिथेच मी तिला नेऊन उभं केलं. तिथून जागा स्वच्छ दिसत होती. घाव घालताना पाहिल्याचा जबाब झाला, पंचनाम्यावर पंचांनी सह्या केल्या. बाई कुणाच्या अध्यात ना मध्यात. मला आणखी काय हवं होतं? सेशन कोर्टात जन्मठेप झाली आणि मी ठाण्यात पेढे वाटले.

हायकोर्टात अपील लागलं तेव्हा मी निवृत्त झालो होतो, तरी मागच्या बाकावर जाऊन बसलो. बचावाच्या वकिलांनी मावशीला खोटं म्हटलंच नाही. खालच्या कोर्टातल्या उलटतपासणीतलं तिचं एक वाक्य वाचलं, "त्या सकाळीच ओला माल टांगलेला." ओला बोंबील जबड्यात जबडा अडकवून दाटीने टांगतात, पलीकडचं माणूस दिसत नाही. दोन-तीन उन्हं खाल्ली की तो सुतळीसारखा बारीक होतो. माझा पंचनामा तिसऱ्या दिवसाचा. न्यायमूर्तींनी विचारलं, "घटनेच्या वेळी तिथून दिसत होतं का, हे कुणी तपासलं?" सरकारी वकील फाईल चाळत राहिले. संशयाचा फायदा मिळून आरोपी सुटला. तोवर त्याची सात वर्षं तुरुंगात गेली होती.

मी तणतणत मावशीकडे गेलो. "एवढ्या मोठ्या कोर्टात खोटी साक्ष दिलीत?"

तिने टोपली खाली ठेवली. "खोटी कशी? मी त्याला पळताना बघितला, त्येच पयलं बोलले. तुमी मना तिथं उभी केली, विचारलं, इथून दिसतंय ना? दिसत होतं, म्हणून हो बोलले. मग तुमी घाव घालताना बघितला असं लिवलं. पोलिसांचं लिवलेलं मी कशी मोडणार?"

मला लाज वाटली, आणि ती अजून गेलेली नाही. नवे अधिकारी भेटले की सांगतो, साक्षीदाराला 'काय दिसलं' एवढंच विचारा आणि गप्प बसा. त्याच्या तोंडी आपला तपास घालू नका.

तो घाव खरोखर कुणी घातला, हे आजही कुणाला ठाऊक नाही. कारण त्या तिसऱ्या दिवशीच मी शोधायचं थांबलो होतो.