पाठमोरे काका

केंटकीच्या रेसकोर्सवर माझ्या शेजारी उभे असलेले मराठी काका रेसच्या घोड्यांचे बडे मालक होते, आणि रेस सुरू होताच त्यांनी चक्क ट्रॅककडे पाठ फिरवली. त्यांच्याच फार्मवर जन्मलेली घोडी धावत होती. हातातली हॅट त्यांनी पार चुरगळली होती.

"काका, तुमची घोडी पुढे आहे. बघा तरी," मी म्हणालो.

"तूच बघ. हिची थोरली बहीणही अशीच पुढे होती आणि तिचा पाय मोडला. लोकांना दिसू नये म्हणून ट्रॅकवरच पडदा धरून, इंजेक्शन देऊन संपवलं तिला."

मी पुन्हा ट्रॅककडे पाहिलं. घोडी जिंकली.

"काका, पहिली आली."

"ते असू दे. चालतेय कशी?"

"ऐटीत, चारही पायांवर."

तेव्हा कुठे ते वळले. विजयाच्या फोटोत मी, जणू घोडी माझीच, असा दात काढून उभा आहे. काका तिच्या पायांकडे बघतायत.