गेनबाचा हळवा दगड

विहीर खणायला गेनबासारखा माणूस आमच्या कुरुळीत दुसरा नव्हता. मी, चिमाजी, त्याचा जोडीदार. तो खाली कातळ फोडायचा, मी वर उभा राहून यारीनं दगडांची पाटी ओढून घ्यायचो. गडी मोकळ्या मनाचा, पण बढाया मारायची भारी हौस. तीच नडली. आता म्हातारपणी लोक मला विचारतात, गेनबा कसा होता? अरे, तेव्हा कुठं गेला होतात सगळे?

छप्पन्न सालच्या उन्हाळ्यात रंगराव पाटलांच्या विहिरीत, सात परस खाली, त्याला मुठीएवढा काळाभोर दगड सापडला. वर येऊन त्यानं तो माझ्या हातात दिला. मी बघतोय तेवढ्यात पायावरून साप गेला. माझी पाचावर धारण बसली आणि दगड हातातल्या हातात लालभडक झाला. चटका मात्र नाही. साप गेला, माझा जीव थाऱ्यावर आला, तसा दगड पुन्हा काळा.

गेनबा पोट धरून हसला. "चिम्या, दगड तुझ्यापरीस हळवा हाय की रं!"

म्हणजे बघा, दगडाला भीती कळते हे आम्हा दोघांना पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं.

पुढच्याच महिन्यात पाटलांच्या मोटेचा नाडा, चांगला जाड दोर, चोरीला गेला. संशय त्यांच्याच मोटेवरच्या गड्यावर, ज्योतीरामवर. गावाची रीत अशी, की खंडोबाच्या देवळात बेलभंडारा उचलून शपथ घ्यायची. गेनबाला काय अवदसा आठवली कोण जाणे, तो पुढं होऊन म्हणाला, "भंडारा कशाला? माझा दगड द्या त्याच्या हातात. मनात पाप असंल तर लाल हुईल." सगळं गाव भोवती उभं, पाटील समोर. ज्योतीरामच्या हातात दगड लाल झाला. त्याला बायकोपोरांसकट गावाबाहेर काढलं. गेनबाला पाटलांनी फेटा बांधला आणि दगड देवळात, भंडाऱ्याच्या वाटीशेजारी ठेवला. त्या दिवशी मीसुद्धा टाळ्या वाजवल्या.

गेनबाची धाकटी बहीण भागूबाई. नवरा मारायचा म्हणून माहेरी परत आलेली. बाई एवढी भित्री, की कुणी मोठ्यानं खाकरलं तरी हातातलं भांडं पडायचं. देवळाची झाडलोट करायची, कुणाच्या अध्यात ना मध्यात. गेनबाचा तिच्यावर फार जीव. बाजाराला गेला की तिच्यासाठी रेवड्या आणायचा.

दिवाळीच्या आधी खंडोबाचे चांदीचे डोळे गेले. सकाळी पाहतात तर मूर्तीला डोळेच नाहीत! पाटलांनी देवळात येणाऱ्या-जाणाऱ्या सगळ्यांना बोलावलं. भागूबाईचं नाव पहिलं.

"हात पुढं कर," रंगराव ओरडले.

तिनं पदराला हात पुसला आणि पुढं केला. दगड तळहातावर टेकतो न टेकतो तोच लाल झाला.

गेनबा धावला. "पाटील, दगडाला भीती कळती, चोरी न्हाई कळत! ती लहानपणापासनं भित्री हाय. साऱ्या गावाला ठावं हाय!"

"मग ज्योतीरामच्या वेळी का न्हाई बोललास?" पाटील म्हणाले. "तवा फेटा बांधून घेतलास न्हवं?"

गेनबाच्याच शब्दावर एक घर उठलं होतं. मग त्यानं भागूबाईच्या हातातला दगड हिसकून आपल्या मुठीत धरला. "बघा! मी तर चोरी केली न्हाई ना? बहिणीपायी जीव घाबरलाय माझा. बघा, माझ्या हातात बी लाल झाला!"

झालाच होता. आधीपेक्षा जास्त.

"म्हंजे दोघं बी सामील," पाटील म्हणाले, आणि लोकांनी माना हलवल्या.

गेनबानं माझ्याकडे पाहिलं. सापाची गोष्ट एवढी सांगितली असती तरी पुरे होतं. पण मी बोललो तर दगड माझ्या हातात येणार, आणि माझ्या हातात तो लाल होणार. मी खाली बघत राहिलो. लाज वाटते सांगायला, पण तसंच झालं. दोघं भाऊबहीण त्याच संध्याकाळी बोचकं घेऊन पिंपरीकडे गेले.

चंपाषष्ठीला देऊळ धुवायला काढलं. मूर्तीच्या पायाशी वर्षानुवर्षांच्या भंडाऱ्याचा थर साचून घट्ट झाला होता. खुरप्यानं खरवडताना त्यात दोन्ही डोळे निघाले. चिकटवलेली राळ सुटून वरच्या सैल भंडाऱ्यात रुतले होते, वर रोज नवा भंडारा पडत होता. पाटील म्हणाले, "देवाची इच्छा." मला असा संताप आला! पण तो मनातच. दगड तेवढा उचलला, पिशवीत घातला आणि पिंपरीची वाट धरली.

तिथं नव्या कारखान्याच्या पायाचं काम चाललं होतं. मजुरांच्या झोपड्यांत गेनबा सापडला. खडी फोडत होता. निम्मा झाला होता. डोळे सापडल्याचं सांगितलं, तर हातोडा न थांबवता म्हणाला, "बरं झालं."

मी पिशवीतून दगड काढला. "हा तुझा. फोडून टाक, नदीत टाक, काय वाटंल ते कर."

तेवढ्यात भागूबाई पाण्याची घागर घेऊन आली. माझ्या हातात तिला तो दगड दिसला. तिनं घागर खाली ठेवली. पदराला हात पुसला आणि माझ्यापुढं धरला.

"भागूबाई, डोळे सापडले गं," मी म्हणालो. "तुला कुणी काही म्हणत नाही आता."

तिला ऐकूच गेलं नाही. मी तीनदा सांगितलं. गेनबानं तिचा हात धरून खाली करायचा प्रयत्न केला, तर तिनं दुसरा पुढं केला.