चांगलं न म्हणणारी धोंडुबाई

कोल्हापुरात गंगावेशच्या दूध कट्ट्यावर स्वतःच्या मालाची बदनामी करून धंदा करणारी एकच बाई आहे, आणि गर्दी तिच्याच म्हशीभोवती असते. धोंडुबाई तिचं नाव. दिवे लागायच्या सुमाराला ती म्हैस घेऊन येते, बांधते, पाटावर बूड टेकते, आणि पहिल्या पेल्यावर फेस चढायच्या आत तिच्या तोंडाचा पट्टा सुरू होतो. कोणी बाहेरगावचं पावणं अंबाबाईचं दर्शन उरकून आलेलं असतं. समोरच धार काढून दिलेला गरम दुधाचा पेला रिकामा करून, ओठावरची पांढरी मिशी पुसत ते म्हणतं, "म्हैस झकास आहे हो मावशी."

झालं. धोंडुबाई मान वर न करता सांगते, "कसली झकास. खाती हत्तीवाणी आन देती शेरडावाणी."

म्हशीचं नाव रडकी. तिला रडताना कोणी पाहिलेलं नाही. अंगावर पाणी ओतलं की आरशासारखी चकाकते, आणि रस्त्यावर रिक्षांनी कितीही कालवा केला तरी साध्वीसारखी रवंथ करत उभी असते. तिच्या आधी होती ती मरतुकडी. ती चांगली म्हातारी होऊन गेली. शेजारचे गवळी आपापल्या म्हशींना लक्ष्मी म्हणतात, गंगा म्हणतात, दुधाला बासुंदी म्हणतात. पण कट्ट्यावरच्या जुन्या गिऱ्हाइकांना धोंडुबाईचा हिशोब पक्का ठाऊक आहे: शिवी जितकी जहाल, तितकी साय दाट.

हा हिशोब कळायला मात्र कट्ट्यावर उभं राहून दूध प्यावं लागतं. घरात राहून तो कळत नाही. धोंडुबाईच्या सुनेचं, वर्षाराणीचं दुखणं नेमकं तेच होतं.

वर्षाराणी मलकापूरची. तिच्या वडिलांचा स्वभाव असा की लेकीला हस्तकलेत बरे मार्क पडले तरी ते शेजारी पेढे वाटून यायचे. लेक इंग्रजी घेऊन एम.ए. झाली तेव्हा तर त्यांनी बसस्टँडवरच्या कंडक्टरलाही सोडलं नाही. अशा घरातून उठून पोरगी गंगावेशच्या मागच्या बोळात आली. पहिल्याच आठवड्यात तिनं पुरणपोळ्या केल्या. सासूनं चवीनं चापून खाल्ल्या, बोटं चाटली आणि म्हणाली, "चावाय दात लागत्यात." पिवळ्या साडीवर, "उंदरानं वढल्यावाणी दिसतीया." सेट परीक्षा पास झाली, गल्लीतल्या बायका कौतुकाला आल्या, तर त्यांच्या तोंडावर, "पेपर सोपं काढत्यात अलीकडं."

पहिल्या वर्षी वर्षाराणी हसली. दुसऱ्या वर्षी तिनं हसायचं काम नवऱ्यावर सोपवलं. पुढंपुढं तिला दागिना नको, वेगळी चूल नको, एवढंच हवं होतं, की या बाईनं एकदा, एकदाच, आपल्याला 'चांगलं केलंस' म्हणावं. नवऱ्याला, विश्वजितला, तिनं हे सांगूनही पाहिलं. विश्वजित शिरोलीच्या फौंड्रीत कामाला. दिवसभर भट्टीपुढं उभा राहून आलेल्या माणसाला सासू-सुनेच्या शब्दांची धग ती काय लागणार. "आई तशीच हाय की," म्हणून तो कुशीवर वळायचा.

यंदा एका कॉलेजात इंग्रजीची कायमची जागा निघाली. वर्षाराणी इतकी वर्षं तासिका तत्त्वावर शिकवत होती, म्हणजे शिकवेल तेवढ्याच तासांचे पैसे, सुट्टीचे देव देईल. तिनं अर्ज केला. मुलाखतीत समितीपुढं एक पाठ शिकवून दाखवायचा होता. तिनं विषय घेतला, इंग्रजीनं टाकून दिलेले बोलण्याविषयीचे शब्द.

त्या कॉलेजचे प्राचार्य कांबळे सर हे धोंडुबाईचं जुनं गिऱ्हाईक. हॉस्टेलवर राहून शिकत होते तेव्हापासून संध्याकाळी फिरायला निघाले की एक पेला तिच्या हातचा. अर्जावरचा पत्ता पाहून त्यांनी सहज विचारलं, की मावशी, सूनबाई शिकवायला कशा आहेत?

धोंडुबाईनं धार न थांबवता उत्तर दिलं, "मला इचारू नगा सर. तिच्या डोस्क्यात शेण हाय."

विश्वजित त्या दिवशी बादली धरायला आईबरोबर होता. रात्री जेवताना त्यानं हा किस्सा हसत हसत सांगितला, आणि सांगून होईपर्यंत एकटाच हसत होता. वर्षाराणीच्या हातातला घास तसाच ताटात परत गेला. धोंडुबाईनं तिच्या ताटाकडं बघितलं, आणि एरवी कधी जेवण अर्धं टाकून न उठणारी बाई दुधाच्या किटल्या घासायला उठून गेली.

सकाळी वर्षाराणीनं नवऱ्याला सांगून टाकलं, मुलाखतीला जायचं नाही. ज्या घरात आपल्या डोक्याची ही किंमत, तिथून निघून त्याच डोक्याची परीक्षा द्यायला कशाला जायचं? विश्वजितनं समजूत काढली, सुट्टी टाकतो म्हणाला, शेवटी चिडला. तिनं ऐकलं नाही. पुस्तकं तेवढी परत करायची म्हणून ती विद्यापीठाच्या ग्रंथालयात गेली. तिथला जाडजूड शब्दकोश तिनं सवयीनं पुन्हा उघडला, आणि वाचता वाचता एकदम मोठ्यानं हसली. समोरच्या पोरांनी माना वर केल्या.

संध्याकाळी धोंडुबाई गोठ्यात रडकीच्या शिंगांना तेल चोळत होती. वर्षाराणी दाराच्या चौकटीला टेकली.

"आत्ती, तुमच्यासाठी इंग्रजीत एक शब्द सापडलाय."

"शिवी असंल," धोंडुबाई म्हणाली.

शब्द होता 'फॉरस्पीक'. वर्षाराणीनं वर्गात सांगते तसं सांगितलं. स्पीक म्हणजे बोलणं. त्याच्या आधी लागलेला 'फॉर' हा 'च्यासाठी'वाला नव्हे, हा मोडता घालणारा, 'फॉरबिड'मधला. आधी त्याचा अर्थ होता विरुद्ध बोलणं, मनाई करणं. मग लोक तो वेगळ्याच कामाला वापरायला लागले. एखाद्याला बोलण्यानं बाधा करायची, त्यातही फार वाखाणून. गुटगुटीत बाळ बघून कोणी तोंडभर कौतुक केलं आणि ते बाळ आजारी पडलं, की म्हणायचे, बाळ 'फॉरस्पोकन' झालं.

धोंडुबाईचा तेलाचा हात सावकाश झाला. "म्हंजे सायबाला बी दृष्ट लागायची?"

"लागायची की."

"मंग त्यास्नी बी अक्कल हाय म्हणायची. काढायची कशी?"

तिकडं उत्तरेला बेटं आहेत, वर्षाराणी म्हणाली, तिथं पाण्यात खडा टाकायचे, काहीबाही म्हणायचे आणि ते पाणी त्या पोरावर शिंपडायचे.

"मीठ-मिरच्या न्हाईत?"

"मिरच्या कुठल्या हो तिथं."

धोंडुबाईला हे काही पटलं नाही. बिनमिरचीची दृष्ट म्हणजे बिनमिठाची आमटी. तिनं दुसरं शिंग धरलं, थोडं चोळलं आणि रडकीकडंच बघत विचारलं, "घरच्यानं बोललं तरी लागायचं का गं? आईनं?"

वर्षाराणी चौकटीपासून सरळ झाली.

मग धोंडुबाई बोलली. मोठ्यानं बोलायची सवय असलेली बाई, पण हे तिनं म्हशीच्या कानात सांगितल्यासारखं सांगितलं. तिच्या आधीची भावंडं जगली नव्हती म्हणून बापानं तिला उकिरड्यावर ठेवली, उचलणाऱ्या बाईकडून पसाभर कण्या देऊन परत विकत घेतली आणि नाव ठेवलं धोंडी. असल्या पोरीला कोण नेतंय? आणि खरंच, ती जगली. कोणी तिला कधी बरं म्हटलं नाही आणि तिला कधी साधा ताप आला नाही. पण लग्न झाल्यावर, विश्वजितच्या आधी, तिला एक मुलगी झाली. तिचं नाव तिनं झोकात ठेवलं, संयोगिता. आईनं सांगितलेलं, नाव जरा उतरून ठेव. तिनं ऐकलं नाही. एके दिवशी पोरीला न्हाऊ घालून उन्हात धरली आणि तिच्या तोंडून निघून गेलं, राणीवाणी दिसती की गं माझी. पुढच्या दोन-चार दिवसांत पोर तापानं फणफणली. दवाखाना गाठेपर्यंत मांडीवरच थंड झाली.

"दुसऱ्या कुणाची न्हाय. माझीच लागली," धोंडुबाई म्हणाली. "इश्वजित झाला तवा त्याला म्या दगड्या म्हणून हाक मारली. आन तुला..." तिनं पुढचं तेलाच्या वाटीत सोडलं.

वर्षाराणीला पुरणपोळ्या आठवल्या, पिवळी साडी आठवली. ही बाई इतकी वर्षं आपल्या भोवती काय विणत बसली होती ते तिला दिसलं. तुमचं काही चुकलं नाही, असं म्हणायचं तिच्या ओठावर आलं. पण ते तर गल्लीतल्या बायकांनी तेव्हाच म्हटलेलं असणार, आणि त्याचा उपयोग झाला नव्हता.

"तो शब्द आता मेलाय, आत्ती," ती म्हणाली. "तिकडं कुणी वापरत न्हाय."

"का?"

"पोरं जगायला लागली असतील. ताप आला की औषध मिळाय लागलं. कुणाच्या बोलण्यानं कुणी मरंना झालं, मग तो शब्द ठेवून काय करायचा?"

शब्दकोशात हे नव्हतं. हे वर्षाराणीनं पदरचं घातलं होतं. धोंडुबाई बराच वेळ शिंग चोळत राहिली. ते शिंग त्या दिवशी कोल्हापुरात सगळ्यांत चकचकीत झालं असावं.

"मुलाखत कवा हाय तुझी?"

"मी जाणार न्हाय."

धोंडुबाईनं त्यावर वाद घातला नाही. उद्या कट्ट्यावर चल म्हणाली, बादली धराय माणूस पाहिजे.

दुसऱ्या संध्याकाळी कांबळे सर नेहमीच्या वेळी आले. धोंडुबाईनं त्यांचा पेला भरून दिला आणि उठून उभी राहिली. धार अर्धी टाकून धोंडुबाई उभी राहिलेली कट्ट्यानं कधी पाहिली नव्हती. शेजारचा गवळी पैसे मोजता मोजता थांबला. वर्षाराणीनं बादली छातीशी धरली.

"सर, परवा म्या खोटं बोलले," धोंडुबाई म्हणाली. मग तिनं रस्त्याकडं बघितलं, रडकीकडं बघितलं, पदर दोनदा खांद्यावर घेतला. गाडीतून पोती उतरवताना लागतो तसला जोर तिच्या मानेच्या शिरांवर दिसत होता. "माझी सून हुशार हाय. लई हुशार हाय. मला आजवर कुणी सांगितलं न्हवतं ते तिनं काल सांगितलं. आन पुरणपोळ्या... मऊ असत्यात तिच्या."

सरांनी पेला खाली घेतला. हसू येत होतं, पण हसले नाहीत. "मावशी, मी दृष्ट-बिष्ट मानत नाही, तुम्हाला ठाऊक आहे. पण रडकीचं दूध इतकी वर्षं पितोय. परवा तुम्ही शेण म्हणालात, तेव्हाच मला कळलं होतं." मग ते गंभीर झाले. नोकरी आपल्या एकट्याच्या हातात नाही, समिती आहे, त्यांच्यापुढं शिकवून दाखवावं लागेल, असं त्यांनी स्पष्ट सांगितलं आणि वर्षाराणीकडं वळले. "येणार ना?"

वर्षाराणीनं मान डोलावली. बोलली असती तर बादलीत अश्रू पडले असते, आणि धोंडुबाईच्या दुधात पाण्याचा थेंब चालत नाही.

घरी जाताना धोंडुबाई सारखी मागं वळून सुनेकडं बघत होती. घर काही लांब नव्हतं, मीठ-मिरच्या फळीवर होत्या, पण तिला तेवढाही दम निघेना. बोळाच्या तोंडाशी तिनं रडकीला थांबवलं, रस्त्याकडेचा एक खडा उचलला, बादली विसळून उरलेल्या पाण्यात टाकला.

"सायब काय म्हणायचा गं हितं?"

"मला ठाऊक न्हाय, आत्ती. पुस्तकात न्हवतं."

"मग आपलंच म्हणते." तिनं पाण्यात बोटं बुडवली आणि सुनेच्या डोक्यावर शिंपडलं. "आल्यागेल्याची, शेजाऱ्यापाजाऱ्याची, गल्लीबोळाची..." बोटं हवेतच थांबली. "आन माझी."

वर्षाराणी ओल्या केसांनी उभी राहिली. एका पोरानं सायकल थांबवून बघितलं, तर धोंडुबाईनं त्याला असलं काही सुनावलं की तो पुढच्या चौकापर्यंत थांबला नाही. घरी गेल्यावर मीठ-मिरच्याही झाल्याच. एका उपायावर भरवसा ठेवणाऱ्यातली ती नव्हे.

मुलाखतीच्या दिवशी वर्षाराणी परतली तेव्हा दारात शेजारच्या चिमणाबाई बसल्या होत्या, आणि धोंडुबाई उंबऱ्यावर लसूण सोलत होती. सोललेला पुन्हा सोलत होती. चिमणाबाईंनी विचारलं, कशी झाली गं?

वर्षाराणीनं पिशवी खाली ठेवली. पदरानं घाम पुसला. समितीतल्या एका मास्तरीणबाईंनी तास संपल्यावरही तिला थांबवून घेऊन त्या मेलेल्या शब्दाविषयी विचारलं होतं, ते तिच्या डोळ्यांत अजून तसंच होतं.

"काय खरं न्हाय बघा, आत्ती," ती म्हणाली. "डोस्क्यातलं सगळं शेण तिथंच सांडून आले."

चिमणाबाई हळहळल्या. धोंडुबाईनं सुनेच्या तोंडाकडं नीट बघितलं, आणि मान पटकन लसणाच्या टोपलीत घातली.

"म्या म्हनलंच हुतं," ती चिमणाबाईंना ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हणाली. मग उठून आत गेली, वाटी घेऊन आली आणि सुनेच्या हातात दिली. वाटी काठोकाठ भरलेली, वर साखर भुरभुरलेली.

"खा. साय हाय रडकीची," धोंडुबाई म्हणाली. "लई पातळ आलीया."