सत्काराची उडी

नांदेडच्या शाळेत मी खेळ शिकवते. पोरी विचारतात, "मॅडम, तुम्ही उंच उडी का सोडली?" मी सोडली न्हाई गं. माझ्याकडून काढून घेतली, आणि तीही गळ्यात हार घालून.

उडीत मी देशात पहिली आले, तेव्हा निलंग्याजवळच्या आमच्या गावानं सत्कार ठेवला. पुढच्याच आठवड्यात शिबिर होतं, तिथून परदेशातल्या स्पर्धेसाठी निवड होणार होती. माझा सगळा जीव तिकडं लागलेला. पण गावानं बोलावल्यावर जाणार न्हाई म्हणायची सोय असते का?

पाहुण्यांच्या मानासाठी शाळेच्या मैदानावर सकाळीच शेणाचा सडा टाकून रांगोळ्या काढल्या होत्या. शाल झाली, नारळ झाला, पाहुण्या साहेबांचं संपता संपेना असलं भाषणही झालं. मी आपली खुर्चीत अवघडून बसलेली. तेवढ्यात काकांनी, म्हणजे माझ्या वडिलांच्या धाकट्या भावानं, माईक ओढला. "आता आमची लेक साहेबांना एक उडी दाखवणार!"

मला कुणी विचारलंसुद्धा नव्हतं. टाळ्या मात्र पडल्या. दोघांनी आडवा वेळू धरला, पलीकडं सोयाबीनचं भुसकट ओतलं. लहानपणी मी तसल्याच भुसकटात पडून शिकले होते, त्यामुळं कुणाला त्यात काही वावगं दिसेना.

मी पिशवीतून खिळ्यांचे बूट काढले, तर काका धावत आले. "सड्यावर कुणी बूट घालतं का गं? रांगोळी खरवडंल."

"काका, जमीन ओली हाय."

"एकच तर उडी. एवढी मोठी चॅम्पियन तू, अन् घाबरून राहिलीस?"

मी आप्पांकडं पाहिलं. माझे वडील ते. रोज पहाटे माझ्यासोबत मैदानावर येणारे, माझ्यासाठी मास्तरांशी भांडणारे. त्यांनी पाहुण्यांकडं पाहिलं, टोपी सारखी केली आणि मान खाली घातली. मला लई राग आला. त्या रागातच मी अनवाणी धावले.

उडीसाठी पाय रोवला आणि तो सड्यावरून सटकला. गुडघ्यात काहीतरी तुटल्याचं मला स्वतःला ऐकू आलं. मी वेळूसकट भुसकटात पडले. लोकांना वाटलं, उडी अशीच असते. टाळ्या चालूच! आजही आठवलं की अंगाची लाही होते.

लातूरच्या डॉक्टरांनी गुडघा दाबून पाहिला आणि सरळ सांगितलं, ऑपरेशन करावं लागेल, उडी आता विसरा. परतताना जीपमध्ये आई माझ्या पायाखाली उशी धरून बसली होती. ती म्हणाली, "अगं, सरळ न्हाई म्हणायचं नव्हतं का?"

माझा भडकाच उडाला. "कधी शिकवलंत मला न्हाई म्हणायला? मोठ्यांचा शब्द मोडायचा न्हाई, एवढंच शिकवलंत ना जन्मभर?"

आप्पा पुढं बसले होते. मागं न बघताच म्हणाले, "मलाबी कुठं येतंय न्हाई म्हणायला, माय." आणि खिशातला दस्तीरुमाल तोंडाला लावून ते रडायला लागले.